सूत काढणाऱ्या बायकांचे डोळे

मित्रांनो, मी एक जुना कॅमेरा आहे, आणि मी रागावलेला आहे.

हे आधीच सांगून टाकतो. जुन्या वस्तूंनी कसे बोलावे याची एक रीत पडून गेली आहे. छत्री असो, घड्याळ असो, त्याने तरुणपणाचे दिवस आठवायचे, एक उसासा टाकायचा आणि शेवटी ‘आमची काळजी घ्या’ अशी विनवणी करायची. मला तसे बोलता येणार नाही. ज्यांनी माझी फार काळजी घेतली, त्यांनीच माझे सर्वांत मोठे नुकसान केले. ते कसे, ते पुढे येईल.

माझा जन्म स्वित्झर्लंडमधला. घड्याळे बनवणाऱ्या कारागिरांच्या गावात मला जोडले गेले आणि माझ्या पोटातही घड्याळासारखीच स्प्रिंग बसवली गेली. मला वीज लागत नाही. बाजूला पितळेची चावी आहे. ती पिळली की मी चालतो, स्प्रिंग सैल पडली की थांबतो. दुसरे कॅमेरे थंडीने गारठून बंद पडायचे, मी चालत राहायचो. म्हणूनच मला फिनलंडमध्ये आणले. आणणारा गृहस्थ पक्षीवेडा होता. त्याने वर्षानुवर्षे माझ्याकडून हंसांचे चित्रण करून घेतले. हंस पाण्यावर उतरताना, हंस उडताना, हंस मान वळवून पिसे साफ करताना. हंसांबद्दल माझी काही तक्रार नाही. पण त्या तळ्याच्या काठी एका लाकूडतोड्याचे खोपटे होते. त्याची बायको पाण्याला आली आणि चौकटीत दिसली, की हा गृहस्थ मला चटकन दुसरीकडे वळवायचा. तिच्यामुळे चित्र बिघडते, असे त्याचे म्हणणे होते.

तो गेल्यावर त्याच्या घरच्यांनी मला विकायला काढले, आणि हेलसिंकीतल्या एका लहानशा दुकानात तायमी रुओकोलाने मला उचलले.

तायमी उंच, हाडकुळी, डोक्यावर कायम लोकरीची टोपी. ती समुद्रकाठच्या एका गावातली. तिचे वडील लाकडाच्या गिरणीत ओंडक्यांखाली सापडून गेले, तेव्हा मालकाने सांत्वन म्हणून शवपेटीसाठी फळ्या पाठवल्या. त्याच गिरणीतल्या. आईने गोठलेल्या खाडीत भोक पाडून, त्या पाण्यात लोकांचे कपडे धुऊन पोरे वाढवली. तायमी हे कधी रडत सांगत नसे. सांगताना तिचे जबडे आवळले जायचे, एवढेच.

शहरात येऊन ती एका चित्रपट कंपनीत लागली. तिथे बायकांना फिती चिकटवण्याचे काम मिळे, कॅमेऱ्याला हात लावू देत नसत. चित्रपट असायचे ते देखण्या अधिकाऱ्यांचे आणि शेतावरच्या लाजऱ्या मुलींचे. एकदा तायमीने दिग्दर्शकाला विचारले, की या मोलकरणीचे हात एवढे पांढरे कसे? त्याने तिला खोलीबाहेर काढले. त्यानंतर ती मला शोधत त्या दुकानात आली.

ती काम कसे करायची ते सांगतो. ती कुणाच्या दारात गेली की मला पिशवीतून काढायचीच नाही. आधी कॉफी व्हायची, वेलदोड्याचा गोड पाव व्हायचा, मग हवापाण्याच्या गप्पा, मग गप्प बसणे. गप्प बसण्यात ती फार तरबेज होती. समोरच्या माणसाला आपण होऊन बोलावेसे वाटले, की मगच माझ्या चावीला हात लागायचा. आणि चौकटीत कोणी बाई आली, तर मला कुणीही दुसरीकडे वळवत नसे.

आमचा पहिला चित्रपट एका गावाच्या म्हाताऱ्यांच्या आश्रमावर होता. जंगलात एक मोठी थंड इमारत, तिच्यात ज्यांना कोणी नाही असे म्हातारे, आणि गाव त्यांच्याकडून जेवणाच्या बदल्यात काम करून घेणारे. तो चित्रपट परदेशातल्या एका महोत्सवात गेला. त्याला बक्षीस मिळाले. समारंभानंतर एक बडे गृहस्थ हातात पेला घेऊन तायमीकडे आले आणि म्हणाले, की त्या म्हातारीच्या तोंडून निघणारी वाफ काय अप्रतिम टिपली आहे, अगदी कविता.

तायमी म्हणाली, “तिथे सरपण नव्हतं. म्हणून वाफ दिसत होती.”

ते गृहस्थ हसले. त्यांना तो विनोद वाटला. मित्रांनो, कौतुक ही किती चीड आणणारी गोष्ट असू शकते ते मला त्या दिवशी कळले. सगळ्यांनी प्रकाश वाखाणला, बर्फ वाखाणला, माझी भिंगेसुद्धा वाखाणली. त्या म्हातारीला पांघरूण मिळाले का, हे एकानेही विचारले नाही.

पण मला सांगायचे आहे ते वार्पुलाहतीबद्दल.

वार्पुलाहती हे तळ्याकाठचे गाव. गाव कसले, कारखान्याची मालमत्ता. घरे कारखान्याची, दुकान कारखान्याचे, शाळा कारखान्याची, गावातले वर्तमानपत्रदेखील कारखान्याचे. तिथे लाकडाच्या लगद्यापासून नकली रेशीम काढत. कोटाच्या आतले ते मऊ चकचकीत अस्तर असते ना, ते. लगदा तेजाबातून ओढून त्याचे सूत काढायचे काम बायकांकडे. त्या कामात एक वायू सुटतो. त्याला कुजक्या अंड्यांचा वास येतो. वारा फिरला, की सगळ्या गावाला तो वास यायचा, आणि गावातले पुरुष म्हणायचे की हा पगाराचा वास आहे.

एका हिवाळ्यात तायमीला तिथल्या एका बाईने बोलावून घेतले. तिचे नाव एल्वी. चाळिशीची, ठेंगणी, बोलायला फटकळ. आम्ही बसमधून उतरलो तेव्हा कारखान्यातली कामाची पाळी सुटत होती. फाटकातून बायका बाहेर येत होत्या, आणि त्या एकेकट्या येत नव्हत्या. प्रत्येकीने पुढचीच्या कोटाचे टोक धरले होते. सगळ्यांत पुढे जिचे डोळे त्यातल्या त्यात उघडत होते ती, आणि मागे बर्फातून चाचपडत चालणारी ती रांग. आपापल्या घराशी एकेक जण कोट सोडून देई आणि भिंतीला हात लावत दार शोधे.

तायमीने पिशवीला हात घातला नाही. ती नुसती उभी राहिली. पिशवीच्या फटीतून मीही ती रांग पाहिली.

एल्वीच्या घरी कॉफी झाली. संध्याकाळी सौना, म्हणजे वाफेच्या अंघोळीची लाकडी खोली, तापवला गेला, दोघी घाम गाळून आल्या आणि ‘तुम्ही’ सोडून ‘तू’वर आल्या. मग एल्वीने सगळे सांगितले. पाळी संपता संपता डोळ्यांत वाळू गेल्यासारखे होते. मग उजेड सहन होत नाही, पापण्या सुजून मिटतात, आणि एक दोन दिवस तसेच जातात. घरोघर कच्चा बटाटा किसून डोळ्यांवर बांधतात. कारखान्याचा डॉक्टर म्हणतो की बर्फावरच्या उन्हाने असे होते.

“मी म्हटलं त्याला,” एल्वी म्हणाली, “डॉक्टर, आम्ही अंधारात आत जातो नि अंधारात बाहेर येतो. कुठलं ऊन? तर म्हणतो, मग तुम्ही बायका रडत फार असाल.”

तेवढ्याने एल्वीने तायमीला बोलावले नसते. तिची थोरली बहीण इम्पी त्याच खात्यात काम करत होती. दोन हिवाळ्यांपूर्वी इम्पीला वाटू लागले की नवरा आपल्या लापशीत विष घालतो. मग तिला भिंतीतून माणसे बोलताना ऐकू येऊ लागली. तिला मनोरुग्णालयात नेऊन ठेवले, आणि डॉक्टरने सांगून टाकले की हे यांच्या घराण्यातच आहे.

“माझ्या घराण्यात सगळे शहाणे होते,” एल्वी म्हणाली. “कारखान्यात जाईपर्यंत.”

दुसऱ्या दिवशी तायमी परवानगी मागायला व्यवस्थापकांकडे गेली. त्यांचे नाव आलरूस. माणूस अत्यंत सभ्य. त्यांनी तिला स्वतःच्या हाताने कॉफी ओतून दिली, मलईचा केक दिला, तिच्या बक्षिसाबद्दल अभिनंदन केले. मग ते मला पाहून हळहळत म्हणाले की सूतखान्यात एवढा नाजूक कॅमेरा नेणे बरे नाही.

“तिथल्या वायूने यंत्रं खराब होतात,” ते म्हणाले. “धातू काळा पडतो. तुमचंच नुकसान होईल.”

“आणि बायकांचं?” तायमीने विचारले.

“बायकांना सवय होते.”

मित्रांनो, मी धातूचा, काचेचा. मला जपणारा तो माणूस माझ्याकडे किती मायेने पाहत होता. त्याच्या खिडकीखालून त्याच वेळी पाळीवर निघालेल्या बायका चालल्या होत्या.

तायमी परत आली आणि तिने सांगितले की आत जाता येणार नाही. एल्वी बटाटे सोलत होती. तिने सुरी खाली ठेवली आणि मला हातात घेऊन वजन पाहिले.

“माझ्या भाकरीच्या टोपलीत मावेल,” ती म्हणाली.

तायमीने तिला साफ नाही म्हटले. पकडली गेलीस तर नोकरी जाईल, घर जाईल. एल्वीने तिला विचारले, की तू आश्रमातल्या म्हाताऱ्यांना कॅमेऱ्यापुढे उभे केलेस तेव्हा त्यांची काळजी केली होतीस का? तायमी म्हणाली, की केली होती, म्हणून तर नाही म्हणते आहे. त्या दोघी बराच वेळ वाद घालत बसल्या. शेवटी एल्वी म्हणाली, “डोळे माझे आहेत, तायमी. काय करायचं ते मी ठरवीन.” आणि तो वाद तिथे संपला.

एल्वीला चावी पिळायला शिकवले. भिंगातून पाहायची गरज नाही, छातीशी धरून कळ दाब, असे तायमीने सांगितले. राय नावाच्या धान्याच्या काळ्या भाकरीखाली झाकून मी आत गेलो.

आत काय होते ते मी पाहिले आहे, म्हणून ते सांगण्याचा मला अधिकार आहे. लांबच लांब दालन. दोन्ही बाजूंना यंत्रे, त्यांतून ठिबकणारे तेजाब, खाली लाकडी फळ्या आणि फळ्यांवरून ओघळणारे पाणी. आवाज एवढा, की माझी कुरकुर कुणालाही ऐकू आली नसती. बायका तुटलेले धागे बोटांनी उचलून पुन्हा जोडत होत्या. बोटे तेजाबाने उलली होती. एल्वी यंत्राच्या आडोशाला उभी राहायची, मला छातीशी धरायची आणि कळ दाबायची. ती काही पाळ्या मला असेच आत नेत राहिली. रोज घरी आल्यावर तायमी माझ्या पोटातली फीत बदलायची.

एके दिवशी पाळी संपत आली असताना हिल्का समोर होती. हिल्का सगळ्यांत तरुण, दोन लहान मुलांची आई. ती यंत्रापुढे उभी होती, तिचे हात भराभर चालले होते, धागा उचलत होते, जोडत होते, पुढे सरकत होते. तिचे डोळे घट्ट मिटलेले होते. गालांवरून पाणी वाहत होते आणि ती ते पुसतही नव्हती, कारण हात रिकामे नव्हते. मी तिच्या पलीकडे पाहिले. तिच्या शेजारचीचे डोळे मिटलेले. तिच्यापुढचीचे मिटलेले. सगळी रांग मिटल्या डोळ्यांनी रेशीम काढत होती. स्प्रिंग सैल होईपर्यंत मी चालत राहिलो.

त्या पाळ्यांनी माझे पितळ काळे पडले. चावी काळी ठिक्कर झाली, भिंगाभोवतीचे कडे काळे झाले. आलरूस साहेबांनी सांगितले होते ते अक्षरशः खरे होते.

फीत धुऊन, जोडून तायमी वार्पुलाहतीला परतली ती एका रविवारी. शहरात दाखवण्याआधी चित्रपट गावाने पाहायला हवा, असा तिचा नेम होता. कामगारांच्या सभागृहात पांढरी चादर टांगली. सगळे गाव आले. बाकांवर जागा उरली नाही. आणि दिवे मालवायच्या आधी दार उघडून आलरूस साहेब आत आले. अंगात फरचा कोट. लोक सवयीने उठून उभे राहिले. साहेब पहिल्या बाकावर जाऊन बसले, एल्वीच्या शेजारी.

चित्रपट सुरू झाला. तायमीने मला चित्रपट दाखवायच्या यंत्राशेजारच्या टेबलावर ठेवले होते. तिथून मला चादरही दिसत होती आणि लोकही. आणि तेव्हा माझ्या लक्षात आले, की शनिवारची पाळी करून आलेल्या बायकांना समोरचे काहीच दिसत नाही. काहींनी डोळ्यांवर ओला रुमाल धरला होता. काहींनी चादरीच्या उजेडापासून तोंड फिरवले होते. त्यांच्याच डोळ्यांवरचा चित्रपट, आणि तो पाहायला त्यांना डोळे नव्हते. “आता काय आहे?” अशी कुजबुज बाकांवरून फिरू लागली.

एल्वीने मान वळवली. तिच्याही पापण्या सुजलेल्या होत्या.

“साहेब,” ती शांतपणे म्हणाली, “आम्हाला दिसत नाही. तुम्हाला दिसतंय. जरा सांगता का, काय चाललंय तिथे?”

साहेबांनी कोटाची बटणे चाचपली. चादरीवर सूतखाना होता.

“सांगा ना, साहेब. सगळ्या ऐकतायत.”

“अंधुक आहे,” साहेब म्हणाले. “नीट काही दिसत नाही.”

“आम्हालाही तसंच दिसतं,” एल्वी म्हणाली.

मागून कोणी तरी हसले आणि लगेच गप्प झाले. मग भिंतीशी उभा असलेला हिल्काचा नवरा बोलू लागला. तो कारखान्याच्या होडीवर ओंडके ओढायचे काम करायचा. बायकोला त्याने कामावर कधी पाहिलेच नव्हते.

“माझी हिल्का आहे,” तो म्हणाला. “मशीनपुढे उभी आहे. हात चाललेत.” तो एक पाऊल पुढे आला. “डोळे मिटलेत तिचे. रडतेय. आणि हात तसेच चाललेत.”

तो गर्दीतून वाट काढत हिल्काच्या बाकाकडे गेला. त्याच्या शेजारच्याने पुढचे सांगितले. मग त्याच्या शेजारच्याने. असे करत पुरुषांनी तो चित्रपट बायकांना शेवटपर्यंत सांगितला. दिवे लागले तेव्हा पहिल्या बाकावरची जागा रिकामी होती. आलरूस साहेब कधी उठून गेले ते कुणाला कळलेही नव्हते.

पुढच्या आठवड्यात एल्वीला कामावरून काढले आणि घर रिकामे करायला सांगितले. बाहेर बर्फ होते. एल्वीचे सामान सभागृहाच्या पायरीवर आले.

आणि मग ती गोष्ट झाली, जिचा विचार मनात आला की आजही माझी स्प्रिंग आवळते. कारखान्याच्या वर्तमानपत्रात हिल्काचे बोलणे छापून आले. ‘चित्रपटवाल्या बाईनेच मला डोळे मिटायला सांगितले होते, कांदा चोळून रडायलाही लावले,’ असे तिने म्हटल्याचे छापले होते. पुढे लिहिले होते की बाईंना परदेशातली बक्षिसे मिळवायची असतात. हे सगळ्या देशाच्या वर्तमानपत्रांनी उचलले. ज्या लोकांनी वाफेची कविता वाखाणली होती, तेच म्हणू लागले की रुओकोला बाई अतिशयोक्ती करतात, आम्हाला आधीपासूनच शंका होती.

एल्वी भडकली होती. पायरीवर सामानाशेजारी बसून ती म्हणाली, की त्या पोरीच्या घरी जाऊन तिच्या तोंडावर विचारते. तायमीने तिचा हात धरला.

“जाऊ नकोस,” ती म्हणाली. “तिला दोन पोरं आहेत आणि घर त्यांचं आहे. तोंड तिचं होतं, बोलणारा दुसरा होता. राग ठेव, पण त्याच्यासाठी ठेव.”

मित्रांनो, तायमीकडून मी शिकलो ते हे. राग कुणावर करायचा, ते आधी नीट पाहायचे.

त्यानंतर त्या दोघींनी देश पालथा घातला. चित्रपटगृहे दारे लावून बसली होती, तेव्हा कामगारांची सभागृहे, शाळांचे वर्ग, एकदा तर लाकूडतोड्यांच्या छावणीतला गोठा. बसने जायचे, चादर टांगायची, चित्रपट दाखवायचा. शेवटी कोणी ना कोणी विचारायचेच, की हे खोटे आहे म्हणतात, ते खरे का? मग तायमी मला वर उचलून धरायची आणि काळी चावी दाखवायची.

“हिल्काला मी शिकवलं असं म्हणतात,” ती म्हणायची. “या पितळाला काळं पडायला कुणी शिकवलं?”

लोक जवळ येऊन चावीला बोट लावून पाहायचे. तो काळेपणा बोटाने पुसला जात नसे. तायमी मला तेल द्यायची, भिंगे पुसायची, पण त्या काळेपणाला तिने फडके लावले नाही.

वार्पुलाहतीच्या बायकांनी पुढच्या वसंतात एका सकाळी काम बंद केले. सगळ्या फाटकाबाहेर बसून राहिल्या. सरकारी तपासनीस आले, वायू मोजला गेला, यंत्रांवर झाकणे बसली, मोठमोठे पंखे लागले. कारखान्याने पत्रक काढले, की कामगारांचे आरोग्य ही आमची पहिल्यापासूनची कळकळ आहे. तायमीने ते वाचले आणि चुलीत घातले. इम्पी मात्र मनोरुग्णालयातच राहिली. तिच्यासाठी पंखे उशिरा लागले होते.

एल्वी हेलसिंकीत तायमीच्या दोन खोल्यांत राहिली. काही वर्षांनी त्याच वायूच्या परिणामाने तिचे हात थरथरू लागले, मग पाय. तायमी तिला कप धरून कॉफी पाजायची. मधल्या काळात तायमीने आणखी चित्रपट केले. धरणाखाली गेलेल्या गावांवर, स्वीडनला कामाला गेलेल्या आईबापांच्या मागे राहिलेल्या मुलांवर. प्रत्येकासाठी भांडली. प्रत्येक वेळी कोणी तरी तिला म्हणाले, की बाई, एकदा तरी काही सुंदर करा. एल्वी गेल्यावर तायमीची कॅमेरा उचलायची ताकद गेली. मी कपाटावर बसून राहिलो. तायमी रोज येता जाता माझ्या अंगावर हात ठेवायची. मग तीही गेली, आणि तिच्या भाच्याने मला संग्रहालयाला दिले.

कुठल्या संग्रहालयाला? वार्पुलाहतीच्या. कारखाना केव्हाच बंद पडला होता. सूतखान्याच्या दालनात आता संग्रहालय आहे, शेजारी कॅफे आहे, आणि वरच्या मजल्यावर तळे दिसणारी महागडी घरे आहेत. तिथे माझी काळजी घेतली गेली. पांढरे हातमोजे घातलेल्या एका तरुणीने मला मऊ कापसावर ठेवले आणि दिवसभर बसून माझे पितळ घासले. चावी सोन्यासारखी झाली. ती फार खूश झाली. मला ओरडता येत असते तर मी ओरडलो असतो. आलरूस साहेबांना जे जमले नाही, ते तिने कापसाच्या बोळ्याने केले.

मला काचेच्या पेटीत ठेवले आणि खाली पाटी लावली. ‘विसाव्या शतकातील स्विस कॅमेरा. नकली रेशमाच्या सुवर्णकाळाचे चित्रण याने केले.’ सुवर्णकाळ म्हणे. चित्रपट मात्र कुठेच नव्हता. तो राजधानीतल्या कुठल्याशा गोदामात डब्यात पडून होता.

त्या पेटीत मी बरीच वर्षे काढली. आणि मग एका मंगळवारी एक म्हातारी काठी टेकत आली. मार्गदर्शक मुलगी एका शाळेच्या वर्गाला रेशमाच्या झगमगाटाबद्दल सांगत होती. म्हातारीने पाटी वाचली. वाचायला तिला फार वेळ लागला, नाक जवळजवळ काचेला टेकले होते.

“हे खोटं आहे,” ती म्हणाली.

मार्गदर्शक मुलीने आदराने विचारले, की आजी, तुम्ही इथे काम करत होता का?

“माझं नाव हिल्का. याने माझं चित्र काढलंय. पेपरात छापलं होतं की तिने मला डोळे मिटायला सांगितलं. मला कुणी सांगितलं नव्हतं. माझे डोळे उघडतच नव्हते.”

मार्गदर्शक मुलगी गोंधळली आणि त्यांना पुढच्या दालनात घेऊन गेली. हिल्का गेली नाही. ती माझ्यासमोरच्या बाकावर बसली, पिशवीतून विणकाम काढले आणि येईल त्याला तेच सांगत राहिली. दुसऱ्या दिवशी पुन्हा आली. त्यानंतरच्या आठवड्यात तिच्याबरोबर जुन्या सूतखान्यातल्या आणखी दोघी आल्या. संग्रहालयाच्या प्रमुखांनी त्यांना गोड बोलून कॅफेत बसायची विनंती केली. हिल्का म्हणाली, “इथे आम्ही उभ्या राहून काम केलंय. आता बसायला मिळालंय तर बसतो.” म्हाताऱ्या बायकांना उचलून बाहेर काढणार कसे? सगळा हिवाळा त्या विणत बसल्या. वसंतात पाटी उतरली, चित्रपट गोदामातून आला, आणि आता माझ्या शेजारच्या भिंतीवर तो दिवसभर चालतो. खाली तायमीचे नाव आहे, एल्वीचे आहे, इम्पीचे आहे, हिल्काचे आहे.

तुम्हाला वाटेल, मग आता राग कशाला? सांगतो.

कारखाना बंद पडला तेव्हा ती यंत्रे मोडीत गेली नाहीत. ती विकली गेली. त्यांना खिळे ठोकलेल्या खोक्यांत भरले आणि जहाजावर चढवून पूर्वेकडे कुठल्या तरी देशात धाडले. झाकणे आणि पंखे मात्र इथेच राहिले. ते जास्तीचे वजन होते. ती यंत्रे आज कुठे चालतात ते मला माहीत नाही. तिथे कोणी तायमी आहे का, तेही माहीत नाही. मी इथे पेटीत आहे.

म्हणून मित्रांनो, माझ्यावरची धूळ राहू द्या. माझ्याकडे दुर्लक्ष झाले तरी चालेल. तुमच्या अंगातल्या कपड्याच्या आत हात घालून पाहा. अस्तर मऊ लागले, चकचकीत दिसले, तर विकणाऱ्याला एकदा विचारा, की हे सूत कोणी काढले, आणि तिला आता दिसते का.